गेम्सची एसएसडी: पुणे ते कऱ्हाड

शनिवार, २७ सप्टेंबर २०२५

भाचा कऱ्हाडजवळच्या गावात राहतो, इंजिनिअरिंगच्या दुसऱ्या वर्षाला आहे. त्याच्या डेस्कटॉपला जीटीएक्स १६५० ग्राफिक्स कार्ड, १६ जीबी रॅम आणि अवघी २४० जीबीची एसएसडी (फिरती तबकडी नसलेली, चिपवरची वेगवान डिस्क) आहे. विंडोज आणि कॉलेजची सॉफ्टवेअरं बसल्यावर तिच्यात जेमतेम चाळीस जीबी उरतात. वस्तीवर फायबर अजून आलेलं नाही, घरात मोबाइलचा रोजचा २ जीबी डेटा. 'विचर ३'ला ५० जीबी जागा लागते, म्हणजे घरात कुणी व्हॉट्सॲपसुद्धा न उघडता पंचवीस दिवस डाउनलोड. माझ्याकडे कोथरूडला तोच गेम एका रात्रीत उतरतो.

म्हणून असं ठरलं: गेम त्याच्या खात्यावर विकत घ्यायचे, डाउनलोड माझ्याकडे करायचे आणि भाऊबीजेला जाताना ड्राइव्ह बरोबर न्यायचा. ड्राइव्ह मशीनला जोडला की गेम तिथूनच चालले पाहिजेत, कारण कॉपी करून घ्यायला त्याच्याकडे जागाच नाही.

"मामा, नुसतं फोल्डर कॉपी करून चालत नाही का?" हा त्याचा फोनवरचा पहिला प्रश्न. काही गेमचं चालतं, काहींचं नाही. गेमचा नव्वद टक्क्यांहून जास्त भार, म्हणजे नकाशे, टेक्स्चर, आवाज, ड्राइव्हवर जातो. पण सेव्ह (खेळ कुठवर आला त्याची साठवलेली नोंद), सेटिंग, गेम चालायला लागणाऱ्या मायक्रोसॉफ्टच्या रनटाइम फाइली, लाँचर (गेम सुरू करून देणारा प्रोग्राम) आणि रजिस्ट्रीतल्या, म्हणजे विंडोजच्या अंतर्गत वहीतल्या नोंदी ज्या त्या मशीनच्या सी ड्राइव्हवरच राहतात. कुठल्या गेमचा कुठला तुकडा कुठे राहतो हे नीट लिहून ठेवलं तर हा ड्राइव्ह कुठल्याही मशीनला लावता येईल. या नोंदी त्यासाठीच.

रविवार, २८ सप्टेंबर

घरात १ टीबीची जुनी पोर्टेबल हार्ड डिस्क आहे. अडीच इंची, ५४०० आरपीएम, म्हणजे तबकडीचे मिनिटाला ५४०० फेरे. नवीन काही घेण्याआधी तिचा वेग मोजला.

यूएसबी ३.० पोर्टला सलग वाचन सेकंदाला १२० एमबीच्या आसपास. तीच डिस्क यूएसबी २.० पोर्टला लावली तर ३८. यूएसबी २.० ची कागदावरची मर्यादा सेकंदाला ४८० मेगाबिट, म्हणजे ६० मेगाबाइट. प्रत्यक्षात चाळीसच्या पुढे क्वचितच जाते. त्यामुळे पहिला नियम लिहून ठेवला: केबल निळ्या पोर्टलाच लावायची. बऱ्याच मशीनवर ३.० चा पोर्ट आतून निळा असतो, नसेल तर शेजारी 'एसएस' अशी खूण असते.

खरी अडचण मात्र सलग वाचनात दिसत नाही. छोट्या छोट्या, विखुरलेल्या फाइलींच्या वाचनाला हार्ड डिस्क सेकंदाला १ एमबीसुद्धा देत नाही. किराणा दुकानात यादीतला प्रत्येक जिन्नस वेगळ्या फळीवर असला की पोऱ्याची जशी धावपळ होते, तशी डिस्कच्या हेडची, म्हणजे तबकडीवरून वाचणाऱ्या टोकाची होते. माल तोलायला वेळ लागत नाही, फळीपर्यंत पोचायला लागतो. गेम सुरू होताना अशी हजारो वाचनं होतात.

'विचर ३' या डिस्कवरून चालवून पाहिला. नोव्हिग्राड शहरातला सेव्ह उघडायला सव्वा मिनिट लागलं. एकदा आत गेल्यावर मात्र फ्रेम रेटमध्ये फरक नाही. तो ग्राफिक्स कार्ड आणि प्रोसेसरवर ठरतो, डिस्कवर नाही. घोडा भरधाव सोडला की दूरची घरं जरा उशिरा स्पष्ट होतात, एवढंच.

याचं कारण गेमच्या वयात आहे. 'विचर ३' २०१५ चा. तो ज्या प्लेस्टेशन ४ आणि एक्सबॉक्स वनसाठी बनला, त्यांच्या पोटात ५४०० आरपीएमचीच हार्ड डिस्क होती. तेव्हाच्या प्रोग्रामरांनी ती गती धरूनच नकाशा तुकड्या-तुकड्यांनी आत आणायची व्यवस्था बांधली. नोव्हेंबर २०२० मध्ये प्लेस्टेशन ५ आणि एक्सबॉक्स सिरीज एक्स आले, दोन्हींत एसएसडी, आणि ती मर्यादा गेली. 'सायबरपंक २०७७' २०२० ला आला तेव्हा त्यात हार्ड डिस्कवाल्यांसाठी वेगळी सेटिंग होती. सप्टेंबर २०२३ च्या २.० आवृत्तीपासून किमान गरजांच्या यादीतच ७० जीबीची एसएसडी आली. 'बाल्डर्स गेट ३' १५० जीबीची एसएसडी मागतो. सगळ्यात बोलकं उदाहरण 'जीटीए ५'चं. तोच गेम, तेच शहर. पण ४ मार्च २०२५ ला आलेल्या 'एन्हान्स्ड' आवृत्तीला एसएसडी लागते, आणि जुनी 'लेगसी' आवृत्ती हार्ड डिस्कवर आजही नीट चालते.

म्हणून माझा ठोकताळा: २०२० च्या आधीचा गेम असेल तर पोर्टेबल हार्ड डिस्क चालेल, नंतरचा मोठा गेम असेल तर एसएसडीच. भाच्याच्या यादीत सध्या जुनेच गेम आहेत. पण हा ड्राइव्ह त्याच्याकडे काही वर्षं राहणार आहे, त्यामुळे एसएसडी घेणार.

गुरुवार, २ ऑक्टोबर, दसरा

१ टीबीची पोर्टेबल एसएसडी घेतली. हळदकुंकू लावून मग मशीनला जोडली. विंडोज ९३१ जीबी दाखवतं, त्यात फसवणूक काही नाही: कंपनी हजाराच्या पटीत मोजते, विंडोज १०२४ च्या.

माझ्या लॅपटॉपच्या ५ गिगाबिटच्या पोर्टवर सलग वाचन ४३०, विखुरलेलं वाचन २५ च्या आसपास. हा दुसरा आकडा हार्ड डिस्कच्या पंचवीस-तीस पट आहे आणि गेम लवकर उघडतो तो याच्या जोरावर. नोव्हिग्राडचा तोच सेव्ह वीस सेकंदांच्या आत उघडला.

फॉरमॅट करताना विचार करावा लागला. ड्राइव्ह एक्सफॅट या फाइली मांडायच्या पद्धतीत आला होता. एक्सफॅट विंडोज, मॅक, टीव्ही सगळीकडे वाचता येतो म्हणून कंपन्या तोच देतात. पण त्यात जर्नल नसतं, म्हणजे लिहिता लिहिता वीज गेली तर अर्धवट राहिलेल्या कामाचा माग ठेवणारी वही नसते. शिवाय एवढ्या मोठ्या ड्राइव्हवर विंडोज एक्सफॅटचा एकेक कप्पा १२८ केबीचा करतं, मग ३ केबीची फाइलसुद्धा अख्खा कप्पा अडवते. हजारो बारीक फाइलींच्या गेममध्ये यात बरीच जागा जाते. फॅट३२ चा तर विचारच नको, त्यात ४ जीबीपेक्षा मोठी फाइल बसत नाही. हा ड्राइव्ह फक्त विंडोजवर लागणार आहे आणि गावाकडे वीज कधी जाईल सांगता येत नाही, तेव्हा एनटीएफएस, त्यात जर्नल असतं. दुसरा कुठला पर्याय माझ्या मते योग्य नाही.

डिस्क मॅनेजमेंटमध्ये जाऊन ड्राइव्हला 'जी' अक्षर दिलं. हे काम दिसायला छोटं, पण अजिबात टाळू नये. विंडोज जे अक्षर मोकळं दिसेल ते देऊन टाकतं. आज 'ई', उद्या पेन ड्राइव्ह आधी लावला तर 'एफ'. लाँचर, शॉर्टकट, रजिस्ट्री हे सगळं जुन्या अक्षराकडे बोट दाखवत राहतं आणि गेम सापडत नाही. वर्णमालेत थोडं पुढचं अक्षर घेतलं की दोन्ही मशीनवर तेच मिळायची शक्यता वाढते.

रविवार, ५ ऑक्टोबर

आज स्टीम, म्हणजे गेम विकत घेऊन उतरवायचं ऑनलाइन दुकान. भाच्याने फोनवर कोड सांगितला, माझ्या लॅपटॉपवर त्याच्या खात्यात शिरलो. सेटिंग्जमध्ये स्टोरेज, तिथे वरच्या यादीतून 'ॲड ड्राइव्ह', आणि 'जी' निवडला. स्टीम तिथे स्वतःचं लायब्ररी फोल्डर करतं, त्यात 'स्टीमॲप्स', आणि त्याच्या आत 'कॉमन'. गेमच्या फाइली 'कॉमन'मध्ये पडतात. 'स्टीमॲप्स'मध्ये प्रत्येक गेमची एक 'ॲपमॅनिफेस्ट' नावाची छोटी फाइल असते, तिच्यात गेमचा क्रमांक आणि आवृत्तीची नोंद. कोणी नुसतं 'कॉमन'मधलं फोल्डर उचललं आणि ही फाइल मागे ठेवली तर स्टीमला गेम इन्स्टॉल आहे हे कळत नाही, ते सगळं नव्याने तपासायला घेतं. दोन्ही बरोबर गेलं पाहिजे.

उतरवलेले गेम: 'एज ऑफ एम्पायर्स २'ची २०१९ ची डेफिनिटिव्ह एडिशन, 'जीटीए ५' लेगसी, आणि 'राजी'.

'राजी' माझ्या आग्रहामुळे यादीत आला. २०२० चा हा गेम पुण्यातल्याच नॉडिंग हेड्स गेम्सचा. भावाला शोधायला निघालेली मुलगी, भिंतींवरची चित्रं, कमळांची तळी, सगळं अनरिअल इंजिन ४ वर उभं केलेलं. कॉम्प्युटरच्या मुलाने आपल्याच शहरात बनलेला एवढ्या तोलाचा गेम पाहिलाच पाहिजे असं मला मनापासून वाटतं. आकाराने बाकीच्यांपुढे लहान आहे, जुन्या हार्ड डिस्कवरूनही सुरळीत चालला.

शनिवार, ११ ऑक्टोबर

'विचर ३' जीओजी या दुसऱ्या ऑनलाइन दुकानातून घेतला, आणि मुद्दाम. जीओजीचे गेम डीआरएमविना, म्हणजे नक्कल रोखणाऱ्या कुलुपाविना असतात. ऑफलाइन इन्स्टॉलर उतरवून घेतला की नंतर इंटरनेट नको, लाँचर नको. एक मुख्य इन्स्टॉलर आणि त्याच्यासोबत चार-चार जीबीच्या आसपासचे तुकडे, असा संच येतो. सगळे तुकडे एकाच फोल्डरमध्ये हवेत.

जागेचा हिशेब इथे दुप्पट धरायचा: इन्स्टॉलर आणि इन्स्टॉल झालेला गेम मिळून शंभर जीबी. म्हणून कामाची वाटणी केली. इन्स्टॉलरचा संच जुन्या हार्ड डिस्कवर, तिथे वेग लागत नाही. चालवायचा गेम एसएसडीवर. दोन्ही ड्राइव्ह एकदम जोडून एकावरून दुसऱ्यावर इन्स्टॉल केलं, सी ड्राइव्हला फारसा हात लागला नाही.

रविवार, १२ ऑक्टोबर

सी ड्राइव्हवर काय राहतं त्याची यादी. ही वही भाच्याला द्यायची आहे.

'विचर ३'चे सेव्ह डॉक्युमेंट्समध्ये 'द विचर ३' या फोल्डरात, त्याच्या आत 'गेमसेव्ह्ज'. 'जीटीए ५' डॉक्युमेंट्समध्येच, 'रॉकस्टार गेम्स'च्या खाली प्रोफाइलमध्ये. 'एज ऑफ एम्पायर्स' मात्र डॉक्युमेंट्समध्ये नाही. युजरच्या फोल्डरात थेट 'गेम्स' नावाचं फोल्डर करतो. स्टीमच्या बऱ्याच गेमचे सेव्ह क्लाउडवर जातात आणि ते काही एमबीचेच असतात, मोबाइल डेटाला पेलतात. तरीही मशीन बदलताना ही फोल्डरं ड्राइव्हवर 'सेव्ह-बॅकअप' करून ठेवायची. ऐंशी तासांचा खेळ गेल्यावर तो परत डाउनलोड होत नाही, गेम होतो.

'जीटीए ५'ला रॉकस्टारचा लाँचर लागतो, तो सी ड्राइव्हवर बसतो, आणि नव्या मशीनवर पहिल्यांदा उघडताना इंटरनेट मागतो. त्याचा इन्स्टॉलर आधीच ड्राइव्हवर टाकून ठेवला.

एपिक या तिसऱ्या दुकानाचा गेम सध्या यादीत नाही, पण पद्धत लिहून ठेवतो. एपिक दुसऱ्या मशीनवरचं फोल्डर आपणहून ओळखत नाही. तिथे आधी गेमचं इन्स्टॉल सुरू करायचं, एखाद-दोन टक्के झाले की थांबवून लाँचर बंद करायचा, आपलं फोल्डर त्याच जागी टाकायचं आणि पुन्हा सुरू करायचं. मग तो असलेल्या फाइली तपासतो आणि उरलेलंच उतरवतो.

भाच्याचे मित्र 'व्हॅलोरंट' खेळतात, तोही ड्राइव्हवर टाक म्हणाला. टाकला नाही. त्याची फसवणूकविरोधी यंत्रणा सी ड्राइव्हवर बसते आणि विंडोजबरोबर सुरू होते, गेम सतत अपडेट मागतो. ज्याला रोज इंटरनेट लागतं ते ड्राइव्हवरून नेऊन काय उपयोग?

गुरुवार, २३ ऑक्टोबर, भाऊबीज, कऱ्हाड

ओवाळून झाल्यावर लगेच कामाला बसलो, ताई म्हणाली, "फराळ तरी संपव."

कॅबिनेटच्या पुढचे पोर्ट वापरले नाहीत. पुढचे पोर्ट आतून एका लांब वायरीने मदरबोर्डला जोडलेले असतात, आणि जुन्या कॅबिनेटमध्ये ती वायर पुरेसा वीजपुरवठा नेईलच असं नाही. ३.० पोर्टने ९०० मिलिअँपिअर द्यायला हवेत, २.० ने ५००. एसएसडी कमी वीज खाते, पण गेम चालू असताना ड्राइव्ह क्षणभर जरी तुटला तरी गेम बंद पडतो. मागचा, थेट मदरबोर्डवरचा निळा पोर्ट घेतला. मिळालेलं अक्षर 'ई' होतं, ते बदलून 'जी' केलं.

पॉवर प्लॅनमध्ये यूएसबीचा 'सिलेक्टिव्ह सस्पेंड' बंद केला, नाहीतर वीज वाचवायला विंडोज पोर्टला झोपवू शकतं.

मग स्टीम. स्टोरेज, 'ॲड ड्राइव्ह', 'जी'. स्टीमला ड्राइव्हवरची लायब्ररी लगेच सापडली आणि तिन्ही गेम इन्स्टॉल झालेले दिसले. भाच्याने 'एज ऑफ एम्पायर्स'वर प्ले दाबलं. पहिल्या वेळी स्टीम रनटाइम फाइली बसवतं, त्या ड्राइव्हवरच गेमसोबत आलेल्या असतात, त्यामुळे डेटा खर्च झाला नाही. मग गेम उघडला. त्याचा चेहरा बघून एवढे दिवस घेतलेल्या कष्टांचं सार्थक झालं.

'विचर ३' याहून सोपा. जीओजीचं फोल्डर उघडून गेमची फाइल थेट चालवली. व्हिज्युअल सी++ चे रनटाइम नसतील तर अडेल म्हणून ते आधीच बसवून घेतले. कार्ड १६५० असल्याने सुरुवातीच्या खिडकीत डायरेक्टएक्स (विंडोजची ग्राफिक्स दाखवायची यंत्रणा) ११ निवडलं. डिसेंबर २०२२ च्या अपडेटनंतर १२ चाही पर्याय येतो, पण ४ जीबीच्या कार्डाला ११ हलकं पडतं.

रात्री स्टीमचा ऑफलाइन मोड तपासला. प्रत्येक गेम आधी ऑनलाइन असताना एकदा उघडून घ्यायचा, मग ऑफलाइनवर जायचं. जीटीएचा लाँचर धरून सगळे चालले.

शुक्रवार, २४ ऑक्टोबर

संध्याकाळी भाचा 'राजी' खेळत असताना वीज गेली. यूपीएस नाही. अर्ध्या तासाने आली. ड्राइव्ह काही न विचारता उघडला, विंडोजने तपासणीसुद्धा मागितली नाही. तरी स्टीममध्ये गेमच्या प्रॉपर्टीजमधून फाइली पडताळून घेतल्या, सगळ्या शाबूत. ही पडताळणी अख्खा गेम वाचून काढते, त्यामुळे एसएसडीवर चहा होईपर्यंत संपते, हार्ड डिस्कवर बराच वेळ खाते.

ड्राइव्ह काढायची पद्धत त्याच्याकडून करून घेतली. विंडोज १० च्या २०१८ च्या १८०९ आवृत्तीपासून बाहेरच्या ड्राइव्हला 'क्विक रिमूव्हल' हेच मूळ धोरण आहे, त्यात लिहिलेलं मागे अडकून राहत नाही. तरीही 'इजेक्ट' करायचंच. "डिव्हाइस वापरात आहे" असं आलं तर बहुतेक वेळा स्टीमने लायब्ररी धरून ठेवलेली असते. खिडकी बंद करून भागत नाही, खालच्या ट्रेमधून स्टीम पूर्ण बंद करायचं.

शनिवार, २५ ऑक्टोबर

भाच्याने वाचून एक चांगली गोष्ट शोधली: २०२३ पासून स्टीम एकाच घरातल्या दोन मशीनमध्ये लॅनवरून गेम पाठवतं. म्हणजे माझ्या लॅपटॉपवर नवा अपडेट असेल तर तो इथे आणून राउटरवरून देता येईल, मोबाइल डेटाला हात न लावता. पुढच्या भेटीत करून बघू.

एसएसडी इथेच ठेवून निघालो. हार्ड डिस्क, इन्स्टॉलरांसह, पुण्याला परत.

रविवार, ७ डिसेंबर

अपडेटचा प्रश्न आला. 'एज ऑफ एम्पायर्स' नवीन आवृत्ती मागतोय. अपडेट दिसतो त्यापेक्षा ड्राइव्हला जास्त काम लावतो. स्टीम बदललेला भाग तेवढाच उतरवतं, पण गेमच्या फाइली मोठाल्या गठ्ठ्यांत बांधलेल्या असतील तर थोड्या बदलासाठीही मोठी फाइल नव्याने रचावी लागते. जुन्या पोर्टेबल हार्ड डिस्कवर डाउनलोड संपून बराच वेळ गेला तरी पट्टी पुढे सरकत नाही ती यामुळे. त्यांतल्या बऱ्याच डिस्कमध्ये लिखाणाच्या पट्ट्या कौलांसारख्या एकमेकींवर चढलेल्या असतात, मग एक पट्टी बदलायला शेजारच्याही पुन्हा लिहाव्या लागतात.

याच आठवड्यात 'हेलडायव्हर्स २'ची बातमी आली आणि आमच्या सप्टेंबरच्या मोजणीशी तिचं थेट नातं आहे. पीसीवर तो गेम सुमारे १५४ जीबीचा होता. कारण हार्ड डिस्कच्या हेडची धावपळ वाचावी म्हणून एकच फाइल अनेक ठिकाणी पुन्हा पुन्हा ठेवलेली. निर्मात्यांनी मोजून पाहिलं तेव्हा कळलं की गेम उघडायला लागणारा वेळ बराचसा नकाशा तयार करण्यात जातो, फाइली वाचण्यात नाही. त्या प्रती काढल्यावर गेम २३ जीबीचा झाला. हार्ड डिस्कवाल्यांसाठी एसएसडीवाल्यांनी शंभराहून जास्त जीबी अडवून ठेवले होते, आणि ज्यांच्यासाठी ठेवले त्यांनाही फायदा काही सेकंदांचाच. रोजच्या २ जीबीवर जगणाऱ्या घरासाठी हा फरक दोन महिन्यांहून जास्त डेटाचा आहे. बाकीच्या स्टुडिओंनीही अशीच मोजदाद करावी.

रविवार, १४ डिसेंबर

ताई लग्नाला पुण्यात आली, येताना एसएसडी घेऊन. भाच्याने निघण्याआधी स्टीम बंद करून, इजेक्ट करून, सेव्हचं फोल्डर ड्राइव्हवर टाकून दिलं होतं. रात्री माझ्या लॅपटॉपला 'जी' म्हणून जोडली, त्याच्या खात्यातून सगळे अपडेट होऊ दिले, 'हेलडायव्हर्स २'ची छोटी झालेली आवृत्तीही उतरवली. ती त्याने परवाच घेतली. हा ऑनलाइनच खेळायचा गेम आहे, पण उतरवण्याचा भार गेला की खेळताना डेटा फार लागत नाही.

बुधवार, १७ डिसेंबर

भाच्याचा फोन आला. एसएसडी लावली, अक्षर 'जी'च मिळालं, 'एज ऑफ एम्पायर्स' काहीही न मागता उघडला. 'हेलडायव्हर्स'ने थोडा अपडेट मागितला, तो दिवसाच्या डेटात बसला.